सात ठिकाणांचा पास

बाईंना राग आला की त्या हाताशी असलेल्या कागदाची घडी घालायला लागायच्या. परिपत्रक असो, निमंत्रणपत्रिका असो, एक घडी, मग दुसरी, मग तिसरी. कागद काडेपेटीएवढा झाला की आम्ही चहाचे कप खाली ठेवायचो. मग त्या आवाज अगदी खाली आणून एकच शब्द विचारायच्या.

"कोणासाठी?"

तुमच्याही कचेरीत, शाळेत असं एखादं माणूस असेल. सगळ्यांचं जमत आलेलं असताना मध्येच प्रश्न विचारून खोळंबा करणारं. अशा माणसांचा आपल्याला वैताग येतो. आम्हालाही यायचा.

आमची आश्रमशाळा तलासरी तालुक्यातली. आसपासच्या पाड्यांवरची मुलं वर्षभर तिथेच राहतात, शिकतात, जेवतात. बाई मराठी शिकवायच्या आणि खेळाचा तासही घ्यायच्या. मी गणिताचा. एकदा कोणी मोठे पाहुणे येणार म्हणून मुलांना फुलं देऊन फाटकापासून उन्हात उभं केलं होतं. पाहुण्यांचा पत्ता नव्हता. बाई आल्या, हातातल्या कार्यक्रमपत्रिकेची घडी घातली, "कोणासाठी?" म्हणाल्या आणि सगळ्या मुलांना चिंचेखाली नेऊन बसवलं. पाहुण्यांचं स्वागत शेवटी मी आणि शिपायाने केलं. दुसऱ्या एका दिवशी भातात किडे निघाले, तेव्हा त्यांनी पंगतीतलं एक ताट उचलून मुख्याध्यापकांच्या टेबलावर ठेवलं. "जेवा सर. गरम आहे." दुसऱ्या दिवसापासून तांदूळ निवडला जाऊ लागला.

बाई बोर्डीच्या. घरची चिकूची मोठी वाडी. घरात मराठी, बाजारात गुजराती. त्यामुळे रागाचेही दोन मजले होते. मराठीत चाललं होतं तोवर नुसती नाराजी समजायची. "हवे बहु थयुं," म्हणजे आता फार झालं, असं गुजराती कानावर आलं की पळ काढायचा. मी एकदा विचारलं, "बाई, एवढं का चिडता?" तर म्हणाल्या, "आमच्या वाडीत चिकू उतरवायला या पोरांचेच आजे-पणजे यायचे. त्यांनी ओट्यावर बसायचं नाही असा आमच्या घरचा नियम. लहानपणी मला त्याचं काही वाटलं नाही. तो राग आता येतो."

दोन हजार सोळाच्या हिवाळ्यात सहलीचा विषय निघाला. बाईंना मुलांना बोर्डीचा समुद्र दाखवायचा होता. तेवढ्यात हमरस्त्यालगत नव्याने झालेल्या एका मोठ्या करमणूक केंद्राचा माणूस शाळेत आला. गुळगुळीत रंगीत पत्रकं, गळ्यात टाय. एकाच पासात सात ठिकाणं: पाण्याच्या घसरगुंड्या, बर्फघर, आरशांचा भूलभुलैया, भूतबंगला, मेणाचे पुतळे, पक्ष्यांची बाग आणि 'अस्सल आदिवासी पाडा'. शाळेला सवलत. शिक्षकांना आणि त्यांच्या घरच्यांना फुकट.

शेवटच्या वाक्यावर स्टाफरूम खूश झाली. बाईंनी पत्रकाची घडी घालायला घेतली.

"पाड्यावरच्या मुलांना पैसे भरून पाडा दाखवायचा?"

"मॅडम, बाकी सहा आहेत ना," तो हसत म्हणाला.

"आधी मी बघून येते. मग ठरवू."

रविवारी मला बरोबर घेऊन त्या निघाल्या. चारोटीला उतरून रिक्षाने गेलो. फुकटचे पास त्या माणसाने देऊ केले होते. बाईंनी खिडकीवर रांगेत उभं राहून स्वतःच्या पैशाने दोन घेतले.

खरं सांगतो, त्या भांडायला म्हणून आल्या नव्हत्या. प्रत्येक ठिकाण नीट बघत होत्या. बर्फघरात आधीच्या माणसाच्या घामाने ओला झालेला कोट आम्हाला चढवला आणि अंगाला गारवा लागतोय तोवर बाहेर काढलं. "हे नको," बाई म्हणाल्या. घसरगुंड्यांजवळ त्यांनी चौकशी केली, तर तिथलाच नायलॉनचा पोशाख भाड्याने घ्यावा लागणार होता. मोठ्या मुली तो घालणार नाहीत, हे त्यांना माहीत होतं. "हे बोलून बघू." भूलभुलैयात मात्र त्या चुकल्या. समोरून येणाऱ्या बाईला त्या दोनदा म्हणाल्या, "अहो, बाजूला व्हा ना जरा!" तिसऱ्या वेळी आवाज चढला. मग लक्षात आलं की समोर आरसा आहे. त्या दिवशी मी बाईंना पहिल्यांदा डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसताना पाहिलं. "मुलांना हे आवडेल हो," त्या म्हणाल्या. पास घ्यायचा, असंच त्यांचं ठरत आलं होतं.

शेवटी पाडा राहिला.

सिमेंटच्या भिंतींना शेणाचा रंग दिलेला. त्यावर ऑइलपेंटने काढलेली चित्रं. कुठूनतरी कर्ण्यावर तारप्याची, वारली नाचातल्या त्या लांब वाद्याची, रेकॉर्ड वाजत होती. प्लास्टरचा एक म्हातारा, प्लास्टरचा बैल. समोर दोर बांधलेला आणि दोराच्या पलीकडे एका झोपडीच्या दारात जिवंत बाई. गुडघ्यापर्यंत लुगडं नेसून जातं फिरवत बसलेली. जात्यात दाणा नव्हता. नुसता दगडावर दगड फिरत होता.

दोराशी उभा असलेला एक माणूस मोबाइल रोखून तिला सांगत होता, "ए, इकडे बघ. हस ना जरा."

बाई पुढे झाल्या. "तुम्ही जयवंतीच्या आई ना?"

जयवंती आमच्या सातवीत होती. सायवनजवळच्या पाड्यावरची. त्या बाईने मान वर केली नाही. जातं फिरवतच हलकेच म्हणाली, "बाई, बोलाया बंदी आहा."

मला आजही तो आवाज आठवला की हाताच्या मुठी वळतात. पाहायला पैसे घ्यायचे आणि जिला पाहायचं तिने बोलायचं नाही!

बाई दोर ओलांडून आत गेल्या आणि मोबाइलवाल्याच्या समोर उभ्या राहिल्या. रखवालदार धावला, मागोमाग मॅनेजर. "हवे बहु थयुं!" बाई ओरडल्या. खालच्या आवाजात रागावणाऱ्या आमच्या बाई ओरडल्या. "हे माणूस आहे की बाहुली? कोणी दिला तुम्हाला हक्क?"

मॅनेजर शांत होता. "मॅडम, तिला पगार मिळतो. तिची तक्रार नाही. तुम्हाला काय त्रास?"

जयवंतीची आई खाली मान घालून जातं फिरवत राहिली.

सोमवारी बाईंनी सभेत सांगितलं, पास घेण्याच्या लायकीचा नाही. का, तेही सांगितलं. विरोध करायची कोणाची छाती झाली नाही. मला त्यांचा अभिमान वाटला. त्यांनाही त्या दिवशी आपण काहीतरी केल्यासारखं वाटत असावं. पोरांबरोबर लंगडी खेळल्या.

थोड्याच दिवसांनी जयवंतीची आई शाळेच्या फाटकात येऊन उभी राहिली. तो पालकांच्या भेटीचा दिवस नव्हता. अंगावर साधी साडी, कडेवर धाकटं मूल. बाई लगबगीने पुढे गेल्या. त्यांना वाटलं असेल, आभार मानायला आली.

"बाई, माझा काम गेला."

बाई जागीच थबकल्या.

"तुमी भांडल्या, नि त्यांनी माना काढली. सावलीत बसून काम व्हता. सांजच्याला घरी जाया मिलत व्हता. आता वीटभट्टीवर जावा लागल. हा पोर सांभालाया जयवंतीला न्याया आले."

"जयवंतीला नका नेऊ," बाई म्हणाल्या. "मी काहीतरी करते."

मग जयवंतीची आई भडकली. तिचा चेहरा मी विसरणार नाही. "तुमी काय करनार? आधी केलात तां काय कमी झाला? माना इचारला व्हता का तुमी? पोटाला घालाल माझ्या पोरांना?"

फाटकात मुलं जमली होती. एवढ्या पोरांसमोर आमच्या बाईंना कोणी असं बोलेल, हे कोणाला खरं वाटलं नसतं. बाई मान खाली घालून ऐकत होत्या. शेवटी एवढंच म्हणाल्या, "दोन दिवस थांबा."

दुसऱ्याच दिवशी आम्ही पुन्हा मॅनेजरसमोर बसलो होतो. त्याने खुर्ची दिली, चहा मागवला, फार अदबीने वागला. मला त्या अदबीचा जास्त संताप आला. बाई म्हणाल्या, "त्या दिवशी मी बोलले ते माझं बोलणं होतं. तिचा त्यात दोष नाही. तिला परत घ्या."

"घेऊ ना मॅडम. तुम्ही सहल आणा. तुम्ही आमचं नाव खराब केलंत, तर दोन पावलं तुम्हीही या."

बाईंनी चहाचा कप बाजूला सारला. मग त्यांनी आपल्या अटी सांगितल्या. मुलं पाण्यात आपल्याच कपड्यांत उतरतील. जयवंतीच्या आईशी कोणी बोललं तर ती बोलेल. पहिली अट त्याने मान्य केली. दुसरीवर "बघू" म्हणाला. चहा तसाच ठेवून आम्ही उठलो.

सभेत बाईंनी जाहीर केलं, "पास घेऊ." कारण सांगितलं नाही. मलाही सांगू दिलं नाही. "तिच्या पोटाची चर्चा स्टाफरूममध्ये नको," म्हणाल्या. मग व्हायचं तेच झालं. "शेवटी बाईंनाही फुकटचा पास गोड लागला," असं एक जण त्यांना ऐकू जाईल इतक्या मोठ्याने बोलला. मी उठणार होतो. बाईंनी डोळ्यांनीच मला बसवलं. त्यांनी स्वतःचा पास विकत घेतला, हे त्या माणसाला अजूनही माहीत नसेल.

सहलीच्या दिवशी मुलं वेडी झाली. घसरगुंड्यांवरून किंचाळत खाली यायची आणि ओल्या कपड्यांनी पुन्हा वर पळायची. भूलभुलैयात तर एकेकाला धरून बाहेर काढावं लागलं. बाई बाजूच्या कट्ट्यावर बसल्या होत्या. "आवडलंय हो पोरांना," त्या म्हणाल्या आणि रागाने तोंड फिरवलं. कोणावरचा राग, हे त्यांनाही सांगता आलं नसतं.

जयवंतीला त्यांनी आदल्या दिवशी बाजूला घेऊन सगळं सांगितलं होतं. "तुला तिकडे यायचं नसेल तर माझ्याजवळ थांब." पोरगी म्हणाली होती, "येनार मी."

पाड्यासमोर आलो. दोराशी शहरातल्या पाहुण्यांची गर्दी होती. तीच रेकॉर्ड, तेच लुगडं, तेच रिकामं जातं. आमची मुलं दोरापाशी थांबली. आपल्या घराची अशी नक्कल बघून काय म्हणायचं, ते त्यांना कळेना. जयवंती दोराखालून आत शिरली, आईच्या समोर मांडी घालून बसली आणि जात्याच्या खुंट्यावर तिने आईच्या हाताखाली आपला हात घातला.

"वॉव, मुलगीपण आहे," कोणीतरी म्हणालं, आणि सगळे मोबाइल वर आले.

बाईंनी शिट्टी वाजवली. खेळाच्या तासाला वाजवतात तशी, जोरात. "मुलांनो, रिंगण करा! हात धरा. तोंडं बाहेर!"

मुलांना हे समजावून सांगावं लागलं नाही. धावत दोर ओलांडून त्यांनी मायलेकींभोवती रिंगण धरलं, पाठी आत, तोंडं गर्दीकडे. अजून केसांतून पाणी गळत होतं. मोबाइलमध्ये आता नुसती पोरांची तोंडं येत होती, आणि ती तोंडं एकटक बघत होती. बघणाऱ्यांना तसं कोणी बघितलं की काय होतं, ते मी त्या दिवशी पाहिलं. एकेक मोबाइल खाली गेला. एका बाईने तर पदर सारखा केला.

मॅनेजर आला. "मॅडम, हे काय चाललंय? या स्पॉटची वेळ संपली."

"आम्ही पास घेतलाय," बाई म्हणाल्या. "आम्ही बघतोय."

सगळ्या लोकांसमोर त्याला हात लावता येईना. रिंगणाच्या आतून दोन आवाज येत होते. काय बोलत होत्या, आम्ही ऐकलं नाही. मध्येच जयवंती हसली, एवढं कळलं. जातं थांबलं होतं. बाई रिंगणाबाहेर कमरेवर हात ठेवून उभ्या राहिल्या आणि आतलं बोलणं संपेपर्यंत त्यांनी दुसरी शिट्टी वाजवली नाही.

संध्याकाळी आमची बस निघाली, तेव्हा जयवंतीची आई आपल्या साडीत रस्त्याकडेला जीपची वाट बघत उभी होती. बाईंनी बस थांबवली आणि एकट्याच खाली उतरल्या. मी दारात होतो.

"काम राहील ना?" बाईंनी विचारलं.

"राहील वाटते." तिने जीपच्या वाटेकडे पाहिलं. "आता परत नका येव, बाई."

"नाही येणार."

तिने मान हलवली. आभार नाही, राग नाही. बाई बसमध्ये येऊन पुढच्या सीटवर बसल्या आणि तलासरी येईपर्यंत काचेबाहेर बघत राहिल्या.

जयवंती शाळेतच राहिली आणि पुढे दहावी झाली. तिच्या आईला त्यांनी तो हंगाम संपेपर्यंत ठेवलं, मग कोणी तरुण मुलगी आणून बसवली. बाईंची बदली झाली, तिकडूनच त्या निवृत्त झाल्या. निरोपसमारंभाला शाल-श्रीफळ घ्यायला आल्याच नाहीत. मी अधूनमधून फोन करतो. "काम आहे का काही? नसेल तर ठेवा," म्हणतात.

त्यांच्या जागी आलेल्या मॅडम स्वभावाने फार चांगल्या आहेत. सगळ्यांशी जमवून घेतात. सभा वेळेवर संपतात, ठराव एका आवाजात होतात, स्टाफरूममध्ये चहा गरम असतानाच पिऊन होतो. मला तो घशाखाली उतरत नाही.