कुठला डोंगर, कुठली नदी

तो यायच्या आधीपासूनच माझा त्याच्यावर राग होता.

सौदीतल्या जुबैलमध्ये एका ठेकेदार कंपनीत मी अकरा वर्षं इन्स्ट्रुमेंट टेक्निशियन होतो. प्लांटमधले गेज, व्हॉल्व्ह, ट्रान्समीटर तपासायचे आणि बिघडले तर दुरुस्त करायचे, हे माझं काम. मग सौदी सरकारचं निताकत सुरू झालं आणि कामावर सौदी माणसं किती, त्यावरून कंपन्यांना रंग मिळाले. आमच्या वाट्याला लाल आला. लाल म्हणजे सौदी माणसं कमी, आणि ती वाढेपर्यंत आमच्यासारख्यांचे इकामे, म्हणजे तिथे राहायचे परवाने, नवे होणार नाहीत. कंपनीने घाईघाईने आठ सौदी उमेदवार भरती केले आणि मला सांगितलं, यांना तुझं काम शिकव. शिकवून झाल्यावर माझं काय, ते कुणी सांगितलं नाही. सांगायची गरजही नव्हती.

या वर्गावर प्रमुख म्हणून न्यूझीलंडहून माणूस मागवला. आम्ही गोरा येणार असं धरून चाललो होतो. आला तो आमच्याच रंगाचा, दारात मावणार नाही एवढा रुंद, मनगटापासून मानेपर्यंत गोंदलेला. तिथल्या मूळ रहिवाशांपैकी, माओरी होता, हे मागून कळलं. गेटवरच्या पहारेकऱ्याने त्याला कामगारांच्या बसकडे पिटाळलं. मग पासपोर्ट बघितला आणि लगेच गाडी मागवली. त्याला राहायला बंगला, आम्ही चौघं एका पोर्टा केबिनमध्ये. "रंग आमचा आणि मान गोऱ्याचा," असं मी खोलीत म्हणालो. सगळे हसले. मी विनोद केला नव्हता.

पहिल्या दिवशी त्याने वर्ग सुरू करण्याआधी उभं राहून स्वतःच्या भाषेत काहीतरी म्हटलं. आवाज खोल होता, गेजचा काटा थरथरावा असा. मग इंग्रजीत समजावलं. त्यांच्यात माणूस आधी आपलं नाव सांगत नाही. आधी आपला डोंगर सांगतो, मग नदी, मग पूर्वज ज्या होडीतून समुद्र ओलांडून आले ती होडी, मग वाडवडील, आणि नाव सगळ्यात शेवटी. "माणूस एकटा नसतो. त्याच्यामागे कोण उभं आहे ते कळल्याशिवाय मी त्याच्याबरोबर काम कसं करू?" असं म्हणून त्याने एकेकाला उभं करायला सुरुवात केली.

सौदी उमेदवार खूश झाले. त्यांच्यात तिशीचा एक होता, आधी लष्करात ट्रक चालवायचा. त्याने आपल्या टोळीचं नाव सांगून सात पिढ्या धडाधड म्हणून दाखवल्या. बाकीच्यांनी माना डोलावल्या. मग वर्गाला सुटे भाग पुरवायला नेमलेला आमचा स्टोअरकीपर उठला. कोल्हापूरकडचा, माझ्याच खोलीतला. त्याने पंचगंगा सांगितली, गड सांगितला, घराण्याचं मूळ सांगितलं, पणजोबांची तलवार अजून घरात आहे तेही सांगितलं. बसता बसता माझ्याकडे बघून हळूच मराठीत म्हणाला, "सांगा की राव, आज तरी कळू दे."

दोन वर्षं तो आडून आडून विचारत होता. तुमची वाडी कुठली, कुलदैवत कुठलं. माझं आडनाव गावावरून पडलेलं, त्यावरून काही कळत नाही. आमचं घर रत्नागिरी जिल्ह्यातल्या बौद्धवाडीत. मी लाजत नव्हतो. पण चौघांच्या केबिनमध्ये चूल एक आणि भांडी एकत्र असताना मला ती चौकशी नको होती.

"माझी ओळख माझ्या बॅजवर आहे," मी उभा राहून माओरीला म्हणालो.

"बॅज तुझ्या कफीलने, मालकाने दिला," माओरी म्हणाला. "मी तुझी नदी विचारतोय. नदी प्रत्येकाला असते."

मी फाइल उचलली आणि प्लांटमध्ये निघून गेलो.

त्या दिवसापासून मी त्याला जमेल तिथे आडवा जाऊ लागलो. त्याच्या वर्गात काही नियम होते. चहाचं टेबल खाण्याचं, म्हणून त्यावर कुणी बसायचं नाही. हेल्मेट डोक्यावर बसतं आणि डोकं पवित्र, म्हणून हेल्मेट त्या टेबलावर ठेवायचं नाही. त्यांच्यात याला तापू म्हणतात, आपण सोवळं म्हणू तसं काहीतरी. मी मुद्दाम हेल्मेट टेबलावर ठेवायचो. तो ते उचलून खुंटीला अडकवायचा. असं दहा-बारा दिवस चाललं. मग एका दुपारी, उमेदवार नमाजाला गेलेले असताना, मी सरळ टेबलावर बसलो.

"खाली उतर," तो म्हणाला.

"नाही उतरत."

"इथे जेवण ठेवतात."

"माझ्या गावातही असंच सांगायचे," मी म्हणालो. माझा आवाज चढला. "माझ्या आजोबांना नदीच्या वरच्या अंगाला पाय ठेवायची बंदी होती. आमचा पाणवठा खाली, गुरांच्याही खाली. कुणाच्या ओट्यावर बसले तर ओटा धुवायचे. तू नदी विचारलीस ना, ही माझी नदी. मी इथवर आलो तो कशाने काय बाटतं हे कुणी मला शिकवू नये म्हणून."

माझं इंग्रजी मोडकं होतं, पण त्याला सगळं कळलं. त्याने हातातले कागद खाली ठेवले. मग म्हणाला, "आमचा नियम सगळ्यांना सारखा आहे. माझी आजी बसली असती तरी तिला उतरवलं असतं. तू बसल्याने ते घाण होत नाही."

"आमच्याकडेही नियम सगळ्यांसाठीच आहे असं म्हणायचे."

त्याने खुर्ची ओढली आणि बसून स्वतःचं सांगू लागला. शाळेत स्वतःच्या भाषेत बोलली म्हणून त्याच्या आजीला मार बसायचा. त्याच्या वडिलांनी शहरात येऊन मुलांना ती भाषा शिकवलीच नाही. तो तीस वर्षांचा झाल्यावर गावी परत गेला, म्हाताऱ्यांच्या पायाशी बसून आपल्या पूर्वजांची नावं पाठ केली. "मलाही डोंगर नव्हता. जाऊन मागावा लागला."

"तू मागितलास आणि त्यांनी दिला," मी म्हणालो. "मी मागायला गेलो तर काय देतील?"

मी उतरलो नाही. तो उठून बाहेर गेला तेव्हा दाराशी स्टोअरकीपर उभा होता. हातात गॅस्केटचा खोका. त्याने किती ऐकलं होतं ते त्याच्या तोंडावरूनच कळलं.

त्याच आठवड्यात स्टोअरकीपरने आपला कुकर आणि ताटं वेगळी केली. पोटाला तेलकट सोसत नाही, असं खोलीत सांगितलं. पुढच्या आठवड्यात दुसऱ्या केबिनमध्ये राहायला गेला. बाकीचे दोघे, एक जळगावचा आणि एक बिहारी, गेले नाहीत. पण माझ्या हातची भाजी शिल्लक राहू लागली.

मी माओरीकडे तक्रार केली नव्हती. जळगाववाल्याने बोलता बोलता सांगून टाकलं असावं. एक दिवस वर्गात सगळे जमल्यावर त्या माणसाने कॅलिब्रेशनचा तक्ता बाजूला ठेवला आणि स्टोअरकीपरला उभं केलं. "माझ्या लोकांत पाहुण्याला आधी वाढतात," तो म्हणाला. "ज्याला जेवू घालत नाही त्याच्यापेक्षा जेवू न घालणाऱ्याची बदनामी मोठी. तू याच्याबरोबर का जेवत नाहीस ते सगळ्यांना सांग."

स्टोअरकीपर लाल झाला. "सर, मला अ‍ॅसिडिटी आहे."

आठ सौदी माझ्याकडे बघत होते. एकाने विचारलं, "का नाही जेवत? याला काही आजार आहे?"

जेवणाच्या सुट्टीत मी माओरीला गाठलं. "मी सांगितलं होतं तुला हे करायला?"

"मी गप्प बसू शकत नव्हतो."

"तुला गप्प बसता येत नाही, त्याची किंमत मी भरायची? तू संध्याकाळी बंगल्यावर जातोस. मी त्या केबिनमध्ये जातो. काल चार माणसांना माहीत होतं, आज सगळ्या प्लांटला कळेल. तुझ्या त्या पूर्वजांना सांग, मला वाचवू नका."

त्याचा चेहरा पडला. तो सॉरी म्हणाला. मला ते पुरलं नाही. नंतर आम्ही कामापुरतंच बोललो.

माझं काम शिकण्यात तो लष्करातला उमेदवार सगळ्यात हुशार होता. पुढे माझी जागा त्यालाच मिळणार हे आम्हा दोघांनाही दिसत होतं, आणि म्हणून मी त्याच्याशीही तुसडेपणाने वागायचो. एकदा आम्ही कंप्रेसरजवळ ट्रान्समीटर खोलून बसलो होतो. तो एकदम म्हणाला, "त्या दिवशी मी सांगितलेल्या सात पिढ्या खोट्या होत्या."

मी पाना खाली ठेवला.

"आमचे लोक लोहारकाम करायचे. टोळीवाले आम्हाला मुली देत नाहीत. वर्गात दोघं मोठ्या टोळीचे आहेत. मी शेजारच्या घरातल्या म्हाताऱ्याच्या पिढ्या म्हणून दाखवल्या."

"कुणी पकडलं नाही?"

"नाही. तूही खोटं बोलायचं होतंस. नदी काय, कुठलीही सांगायची."

मला त्याच्याबद्दल आपलेपणा वाटायला हवा होता. पण मला फक्त चीड आली, की खोटं बोलून हा सुटला आणि मी खरं बोलून सापडलो. "स्क्रू नीट आवळ," एवढंच मी म्हणालो.

परीक्षा झाली, सहा जण पास झाले, कंपनीचा रंग लालचा हिरवा झाला. महिनाभरात माझ्या हातात फायनल एक्झिटचा, देश कायमचा सोडायचा कागद आला. पर्सोनेलमधला माणूस म्हणाला, "खलास, सादिक. भरपूर वर्षं झाली." सादिक म्हणजे दोस्त.

निघायच्या सकाळी माओरी ऑफिसच्या दाराशी आला. तिथे बरीच माणसं होती, स्टोअरकीपरही होता. त्यांच्यात निरोप देताना कपाळाला कपाळ आणि नाकाला नाक टेकवतात, दोघं मिळून एक श्वास घेतात, हे मला माहीत होतं. त्याने मान पुढे केली. माझ्या इतक्या जवळ स्वतःहून आलेला त्या प्लांटमधला तो एकटाच माणूस. मी एक पाऊल मागे घेतलं आणि हात पुढे केला. त्याने हात मिळवला, दाबला, आणि आत गेला.

दमामच्या विमानतळावर मला लोहारांच्या त्या पोराने सोडलं. आता मी खेडजवळच्या एका कारखान्यात हेच काम करतो. तो अधूनमधून फोन करतो. कुठला ट्रान्समीटर कसा लावायचा ते विचारतो आणि मी सांगतो. एकदा त्याने सांगितलं, नवी बॅच आली आहे, पण माओरी आता कुणाला उभं करत नाही. स्वतःचा डोंगर, नदी सांगतो आणि म्हणतो, ज्याला वाटेल त्याने सांगावं. दोघं-तिघं गप्प बसतात, तो पुढे जातो.

"तुझ्यामुळे बदलला," तो म्हणाला.

मी म्हणालो, ट्रान्समीटरचं काय झालं ते सांग.