कायद्यात नसलेली अट

माझी धाकटी मावशी लहानपणी तापात दोन्ही कानांनी बहिरी झाली. ओठ पाहून तिला सगळं कळायचं, बोलायचीही स्वच्छ. हॉस्पिटलच्या धुलाईखान्यात ती चादरी धुवायची. तिथे यंत्रांच्या घरघरीत कुणालाच कुणाचं ऐकू येत नसे. मावशी हसून म्हणायची, "इथे तुम्ही सगळे बहिरे. माझं एकटीचं बरं चाललंय!"

मूल होत नाही म्हटल्यावर ती आणि काका अनाथ मुलांच्या एका संस्थेत गेले. तिथली एक वर्षाची मुलगी मावशीच्या मांडीवर बसली ती उतरायलाच तयार होईना. मावशीचा जीव तिथेच जडला.

पण संचालिकाबाईंनी मान हलवली. "रात्री बाळ रडलं तर तुम्हाला ऐकू कसं येणार?"

"ह्यांना येतं की. आणि मी तिला कुशीत घेऊन झोपेन."

"आमच्या संस्थेचा नियम आहे, बाई."

काका एका वकीलबाईंकडे गेले. त्या म्हणाल्या, "कायद्यात वय आहे, तब्येत आहे, कमाई आहे. कानांचं नाव नाही. कायद्यात नसलेली अट संस्थेने घालायची नसते."

खटला उभा राहिला आणि रेंगाळला. तेवढ्यात ती मुलगी दुसऱ्या घरी दिली गेली. मावशीला हे कळलं तेव्हा ती जेवायची थांबली. काकांनी कशीबशी समजूत काढली.

शेवटी निकाल लागला. न्यायाधीशांनी संस्थेची अट बेकायदा ठरवली. आम्ही मावशीला मिठ्या मारल्या. पण वकीलबाईंचा चेहरा पडलेलाच होता. तान्हं मूल घ्यायचं तर नवरा-बायकोच्या वयांच्या बेरजेला मर्यादा होती, आणि ही अट खुद्द कायद्याचीच होती. खटला चालता चालता दोघांनी ती ओलांडली होती. आता तान्हं मूल मिळणार नव्हतं, मोठं मिळू शकत होतं. मात्र मोठ्या मुलाची स्वतःची संमती लागायची.

दोघं त्याच संस्थेतल्या एका दहा वर्षांच्या मुलाला भेटायला गेले. काकांनी त्याच्याशी सायकलींच्या गप्पा मारल्या. मग संचालिकाबाई त्याला खिडकीपाशी घेऊन गेल्या आणि हळूच काहीतरी विचारलं. काकांना उत्तर ऐकू आलं नाही. मावशीला मात्र त्याचे ओठ दिसले. "मला नाही जायचं."

संचालिकाबाई परत येऊन शब्द जुळवू लागल्या. मावशीच म्हणाली, "राहू दे. रागावू नका त्याला."

बाहेर काका म्हणाले, "लाजला असेल गं. पुन्हा येऊ."

"मी नीट पाहिलं," ती म्हणाली. पुन्हा ते गेले नाहीत.

दोन वर्षांनी वकीलबाईंचा फोन आला. मावशीच्या निकालामुळे त्याच संस्थेने एका जोडप्याला तान्ही मुलगी दिली होती. नवराबायको दोघंही बहिरे. काकांनी मावशीला समोर बसवून सांगितलं.

"बरं झालं," मावशी म्हणाली. "खरंच बरं झालं." काका आणखी काही बोलणार होते. पण तिने तोंड भिंतीकडे फिरवलं. आता कुणी काहीही बोललं तरी तिच्यापर्यंत पोचणार नव्हतं.