मूकपटातले मामा

माझ्या बायकोच्या मामांइतक्या मनापासून मरणारा माणूस अख्ख्या ॲरिझोनात सापडायचा नाही. मामी गेल्यावर ते साताऱ्याहून चँडलरला लेकीकडे राहायला आले आणि थोड्याच दिवसांत एका हौशी मंडळीत सामील झाले. ही मंडळी दर शनिवारी वाळवंटात जाऊन, हाताने फिरवायच्या जुन्या कॅमेऱ्यावर, शंभर वर्षांपूर्वीसारखे काउबॉयचे मूकपट काढतात. "बोलायचंच नाही म्हटल्यावर माझं इंग्रजी कुणाला कळणार?" असा मामांचा सरळ हिशेब. नवखे म्हणून त्यांना गोळी खाऊन पडायचं काम मिळालं. त्याची तालीम घरीदारी चाले. पोहे खाता खाता ते छातीला हात लावून खुर्चीवरून घसरत. एकदा इंडियन ग्रोसरीत तांदळाच्या पोत्यांपाशी असे कोसळले, की कुणीतरी ॲम्ब्युलन्स बोलावली. मी ओरडलो, "मामा, उठा!" तर डोळे मिटूनच म्हणाले, "थांबा जावईबापू, अजून पाय झाडायचेत." घोड्याशी ते मराठीत आणि अहोजाहोने बोलत. "सरका जरा पलीकडे," म्हणाले की घोडाही सरकत असे.

दिग्दर्शिका बाई मात्र हैराण. गोळी लागल्यावर मामा मरेमरेपर्यंत फिल्म संपून जाई. पण एकदा ठरलेला नट आजारी पडला आणि मामांना पहिलं खरं काम मिळालं. बायकोला घ्यायला आलेला म्हातारा. घोडागाडी येते, पण बायको आलेली नसते. पहिल्या टेकला मामांनी कपाळ बडवलं, आभाळाकडे हात पसरले. बाई म्हणाल्या, "स्मॉलर, प्लीज! फिल्म एका टेकपुरतीच उरलीय. नाही जमलं तर सीन कॅन्सल." मामांचा चेहरा पडला. पाण्याच्या बाटल्या धरून उभ्या असलेल्या मला त्यांच्याकडे बघवेना.

कॅमेरा फिरू लागला. गाडी थांबली. मामांनी आत डोकावून पाहिलं. पुन्हा एकदा पाहिलं. मग आतल्या अनोळखी बाईंना हात देऊन उतरवलं, त्यांची बॅग खाली ठेवली आणि गाडीचं दार हळूच लावून घेतलं. बस्स. सीन संपला तरी दिग्दर्शिका बाई कॅमेऱ्याचा दांडा फिरवतच राहिल्या. नंतर मामांचा हात हातात घेऊन म्हणाल्या, "पुढच्या फिल्ममध्ये तुम्ही शेवटपर्यंत जिवंत राहायचं."

परतताना मामा गाडीत माझ्या शेजारी बसले. मग म्हणाले, "मला खरंच वाटलं, मागून उतरत असेल. एसटीतून उतरायला तिला नेहमी वेळ लागायचा हो. पिशव्या फार असायच्या."