पोटावरचा आत्याचा हात

आत्याला कोणी ‘सगळं ठीक आहे’ म्हटलं की तिच्या कपाळावर आठी पडायची. ठीक नाही म्हटलेलं तिला चालायचं, निदान त्यावर काही करता येतं. पण ठीक म्हणणारा माणूस नक्की काहीतरी लपवतोय, अशी तिची पक्की समजूत होती. महाडच्या स्टँडवर एसटीला पोलादपूरची पाटी असली, कंडक्टर घसा ताणून ओरडत असला, तरी ती आत चढून आणखी दोन बायकांना विचारायची. मगच टेकायची.

ती माझ्या वडिलांची बहीण, तुडीलची. आंबेनळी घाटाच्या रस्त्याखालच्या वाडीत तिला दिली होती. पुढे तिच्याच मुलाशी माझं लग्न झालं आणि आत्याची सासू झाली. मुलगा मुंबईला कामाला, म्हणून मी तिच्या ताब्यात. मला दिवस गेल्यावर दवाखान्यातून दिलेली प्रत्येक गोळी ती उजेडात धरून उलटसुलट बघायची. “ही कालच्यासारखीच हाय ना गो?” हसू यायचं आणि रागही यायचा.

कळा सुरू झाल्यावर आम्ही महाडला दवाखान्यात आलो. जीपमध्ये तिने मला बजावलं होतं, “कायपण सांगतील. पोट कापून घ्यायचं नाय.” शहरात उठसूट बायकांची पोटं फाडतात, यावर तिचं ठाम मत होतं. नर्सने माझ्या पोटाला पट्टा बांधला आणि मशीनमधून बाळाचे ठोके ऐकू यायला लागले. मला रडूच आलं. आत्या मात्र मशीनभोवती फिरून बघत होती.

“हा आवाज आतला हाय, का मशीन आपलंच वाजवतंय? जरा माझ्या पोटावर लावा बघू.”

नर्स हसली, पण बिचारीने लावलं. नुसती खरखर झाली. “बरं,” म्हणून आत्याने परवानगी दिली आणि पट्टा माझ्या पोटावर परत आला.

थोड्या वेळाने ठोके एकदम उतरले. आत्या ताडकन उठली. “बघा! आता कापायचं म्हणतील!” डॉक्टरबाई आल्या, तरुण होत्या, पण घाईतल्या नव्हत्या. म्हणाल्या, “आजी, कळ आली की बाळाचं डोकं दाबलं जातं. ठोके उतरतात, कळ गेली की लगेच वर येतात. त्याला मी घाबरत नाही. पण कळ सरत आल्यावर उतरायला लागले आणि कळ गेली तरी वर येईनात, तर बाळ दमतंय. आणि आकडा चांगला दिसला, पण बराच वेळ अगदी एका रेषेत राहिला, तरी मला शंका येते.”

चांगल्या आकड्यावरही शंका घेणारी बाई आत्याला जन्मात पहिल्यांदा भेटली होती. तिने त्यांना खालपासून वरपर्यंत निरखलं. तरी त्यांच्या शब्दावर ती थोडीच विसंबून राहणार! माझ्या पोटावर तळवा ठेवून ती बसली. पोट कडक झालं की मशीनकडे बघायची, सैल पडलं की पुन्हा बघायची. डॉक्टरबाईंनी मला डाव्या कुशीवर वळवलं आणि ठोके सुधारले, तर हिचा प्रश्न तयार, “मग आधीच का नाय वळवली?”

दुपार कलली तशी आत्या बोलेनाशी झाली. तिची भांडणं ऐकून मी वैतागले होते, पण ती गप्प बसल्यावर मीच मशीनकडे बघायला लागले. पोट सैल झालं होतं, कळ ओसरली होती, आणि ठोके मात्र खालीच रेंगाळत होते. पुढच्या कळेलाही तेच. त्यानंतरही तेच. डॉक्टरबाई ऑपरेशनच्या संमतीचा कागद घेऊन आल्या. भांडावं लागणार, हे त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होतं. “आजी, आता थांबणं बरोबर नाही. बाळाला—”

“बोलत बसू नका,” आत्या म्हणाली. “मी बघितलंय. उचला हिला.”

मुलगी झाली. आधी रडेना, मग रडली. आत्याने तिला हातात घेतलं आणि नर्सला विचारलं, “ही आमचीच ना?” सगळा वॉर्ड हसला.

दुसऱ्या दिवशी मात्र मला तिचा खरंच राग आला. पोरीचा डोळा लागला की आत्या तिच्या तळव्याला हळूच चिमटा काढायची. पोर किंचाळायची, आत्या पदराने तोंड पुसत बाजूला व्हायची.

“आत्या, शांत झोपलीय ना ती! का छळतेस?”

तिने माझ्याकडे बघितलं नाही. “तुझ्या नवऱ्याच्या आधी एक होती,” ती म्हणाली. हे मला कोणी कधी सांगितलं नव्हतं. “वाडीत होते मी. कळा चालू होत्या नि पोटातलं हलंना. मी सांगितलं सगळ्यांना. तर बाया म्हणाल्या, शांत पोर हाय, निजलंय, तू पण पड जरा. मी ऐकलं गो त्यांचं. मी निजले.”

पोर अजून रडत होती, मी तिला उचलायला हात पुढे केला. आत्याने माझा हात धरला.

“थांब,” ती म्हणाली. “रडू दे जरा. मला ऐकू दे.”