दप्तर कोणी उचलायचं

१९९७ चा हिवाळा. धान कापून झालं होतं. सावली या गावाजवळच्या एका खेड्यात मी शाळेचा चपराशी होतो. शिक्षण चौथी. शाळेतले किस्से चपराशाकडेच साचतात. गुरुजी दिसले की पोरं गप्प होतात, मी दिसलो की होत नाहीत.

नववीतला गजू अंगाने रेडा. सहावीतला सुखदेव काडी. गजूचं दप्तर रोज सुखदेवच्या पाठीवर.

"काऊन बे, हात मोडला का?" मी गजूला विचारलं.

"नाई भाऊ, त्याले सवय लावून राह्यलो."

आमची घंटा म्हणजे रेल्वेच्या रुळाचा तुकडा. तो दिवसभर गजूला हातात धरायला लावला आणि तिथेच वाजवला. "तुले बी सवय लागू दे."

संध्याकाळी गजूचे हात दुखत होते. म्हणून दप्तरासोबत त्याचा डबाही सुखदेवनेच नेला.

*

गोष्ट हेडमास्तरांच्या कानावर गेली. प्रार्थनेला म्हणाले, "जो दुसऱ्याला त्रास देतो, त्याने हात वर करावा."

गजूने शेजारच्या सुखदेवचा हात धरून वर केला.

हेडमास्तरांनी सुखदेवच्या खरेपणाबद्दल टाळ्या वाजवायला लावल्या. मग त्याला ओणवं उभं केलं.

त्या दिवशी सुखदेव माझ्याजवळ आला. "भाऊ, गॅदरिंग झालं की मी शाळा सोडतो. बाबासंगं तलावात मासोळ्या धरीन."

"अन् शिक्षण?"

"मासोळ्या दप्तर उचलाले नाई सांगत."



*

आमच्या झाडीपट्टीत नाटक म्हटलं की मंचासमोर खड्डा खणतात. एकजण त्यात पुस्तक घेऊन बसतो, वाक्यं सांगतो. वरचा नट तीच मोठ्याने म्हणतो. पाठ कोणी करत नाही.

गॅदरिंगचा खड्डा मी खणला. त्यात फक्त सुखदेव मावला.

"एवढा लहान?" हेडमास्तर म्हणाले.

"जमीन कडक हाय, सर."

राजा गजू होता. तालमीत सुखदेवला खड्ड्यात शिंक आली. राजाही शिंकला.

"हे बी हाय का पुस्तकात?" प्रधान झालेल्या पोराने विचारलं.

"खालून आलं, म्हणजे असंल."

*

नाटकाला सारं गाव जमलं. गजूची आई पहिल्या रांगेत. राजाने पत्र्याची तलवार उपसली आणि खड्ड्याकडे कान केला. मी कडेलाच उभा होतो. सुखदेवने पुस्तक मिटलं.

"प्रधानजी," खालून आलं.

"प्रधानजी!" राजा गरजला.

"सुखदेवनं माझं दप्तर जितके दिवस उचललं,"

"सुखदेवनं माझं दप्तर जितके दिवस उचललं,"

"तितके दिवस मी त्याचं उचलीन."

राजाने तेही म्हटलं, तलवार उंच धरून. टाळ्या पडल्या. तेव्हा कुठे त्याच्या ध्यानात आलं. तो खाली बघत राहिला.

"हा राजाचा शब्द हाय," सुखदेवने पुढचं वाक्य सांगितलं.

सवयीने राजाने तेही म्हटलं.

"आयकलं बरं का आम्ही," त्याची आई म्हणाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी गजू दोन दप्तरं घेऊन आला. पुढे सुखदेव, हात हलवत. वाटेत एक म्हातारी म्हणाली, "महाराज, माझी मोळी बी घ्या."

उन्हाळ्याच्या सुट्या लागेपर्यंत गजूने दप्तर वाहिलं. मासोळ्यांचं नाव सुखदेवने पुन्हा काढलं नाही. हिशेब फिटला.