मालिकेतल्या आत्या

आत्यांना रिकामं बसणं ठाऊकच नव्हतं. मालिकेत त्या नायकाच्या आत्या. आठवड्याला चार-पाच वाक्यं, बाकी वेळ मागे बसायचं. पण मागे बसूनही त्या खरोखरचे मटार सोलायच्या. "वाक्य नसलं म्हणून काय झालं? घरात माणूस असतं ना!" म्हणायच्या. घोडबंदर रोडच्या त्या सेटवर मी सहायक दिग्दर्शक होतो. सगळं युनिट त्यांना आत्याच म्हणायचं.

त्या ठाण्यातल्या कोपरीच्या, कोळ्याघरच्या. पडद्यावर अगदी पुणेरी बोलायच्या आणि जेवणाच्या सुट्टीत डबा उघडून म्हणायच्या, "या, सोवळ्यातल्या आत्यांची सुकट खायला."

नायकाची मुलगी झालेली चिनू सेटवर आली तेव्हा तीन वर्षांची होती. दोन शॉटच्या मधल्या वेळात आत्यांनीच तिला अक्षरं शिकवली.

चार वर्षांनी आत्यांची भूमिका संपवायचं ठरलं. जेवणाच्या सुट्टीत सांगायला मला पाठवलं.

"मरतेय की जातेय?" त्यांनी विचारलं.

"गावी जाताय."

त्या हसल्या, पण घास हातातच राहिला. "चिनूला नीट सांगा हं," एवढंच म्हणाल्या. आत्या गावी गेल्यात, असं आम्ही तिला सांगितलं.

तीन महिन्यांनी कथेला आत्यांचा मृत्यू हवा झाला. भिंतीवर त्यांचा हार घातलेला फोटो लावला. तो बघून चिनूनं किंकाळीच फोडली. "आत्या मेली! तुम्ही मला खोटं सांगितलंत!" तिची आई समजावून थकली, दिग्दर्शक थकले. शेवटी मी बाजूला जाऊन कोपरीला फोन लावला.

"येते," आत्या म्हणाल्या. तासाभरात रिक्षातून उतरल्या.

चिनू धावत जाऊन त्यांना बिलगली. आत्यांनी तिचे डोळे पुसले. "हे बघ, मी कॅमेऱ्याच्या बाजूला उभी राहते. तू माझ्याकडे बघ आणि खोटं खोटं रड. मला बघायचंय, तुला येतं का."

चिनूनं पहिल्याच टेकमध्ये शॉट दिला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मी वळून पाहिलं, तर आत्या पदर डोळ्यांना लावून उभ्या होत्या.

"आत्या, तुम्ही का रडताय?"

"अरे, चार वर्षं राहिले मी त्या घरात."

चहा घेऊन त्या निघाल्या. चिनू फाटकापर्यंत पोहोचवायला गेली. त्यानंतर दोन मालिकांनी त्यांना आत्याच्याच भूमिकेसाठी विचारलं. त्यांनी नाही म्हणून सांगितलं.