न वाळलेली भिंत

पुण्याकडची माणसं पावसाळ्यात आमच्या मुळशीला येतात, डोंगर बघतात आणि छाती भरून म्हणतात, "वा! काय हवा आहे!" माझं टाळकंच सरकतं. अहो, ती बाहेरची हवा. आमच्या घरातली हवा कुणी घेतली आहे का चार महिने?

आषाढ लागला की आमच्याकडे सगळ्याला बुरा धरायचा. बुरा म्हणजे बुरशी. वहाणांना, मडक्यांच्या गळ्याला, लुगड्यांच्या घड्यांना, गोधड्यांना. पांढरा, हिरवा, कुठे काळा. हाताने पुसायचा, हात लुगड्याला पुसायचा आणि कामाला लागायचं. त्याने माणूस आजारी पडतं हे कुणी सांगितलं असतं तर आम्ही त्याला खुळ्यात काढलं असतं.

माझ्या लग्नाला तीन वर्षं झाली तेव्हा खाली खोऱ्यात धरणाचं पाणी चढायला लागलं आणि आमचं जुनं घर सोडायची पाळी आली. सासऱ्यांचा पाय निघेना. आज जाऊ, उद्या जाऊ करता करता वैशाख अर्धा संपला आणि मग एकच धांदल उडाली. जुनी लाकडं डोक्यावर वाहिली आणि वरच्या टेकाडाला घर उभं केलं. कारवीच्या ओल्या काठ्यांचा कूड, त्यावर शेणमातीचा जाड लेप. अशी भिंत वाळायला चांगली उन्हं लागतात. आमची भिंत बोटाने दाबली तर बोट आत जायचं, आणि तेवढ्यात मृगाने गाठलं. माळ्यावर रचलेला भाताचा पेंढासुद्धा आणताना वळवात भिजला होता. सासूबाई म्हणाल्या, "चुलीच्या धगीनं वाळंल समदं." कसलं वाळतंय!

धाकटी जाऊ त्याच उन्हाळ्यात लग्न होऊन आली. देशावरच्या कोरड्या गावची, सतरा-अठराची, तोंडाने भारी फटकळ. पहिल्याच दिवशी मला म्हणाली, "आक्का, तुमच्या घराला शेवाळाचा वास येतुया." मी म्हटलं, "व्हय का? मग तुझ्या गावचं ऊन आणायचं हुतंस की पदरात बांधून." दोघी हसलो. माझी तिच्यावर माया बसली ती तिथंच.

पहिल्या पावसाळ्यात तिची छाती वाजायला लागली. घरात बसली की शिंका, मग खोकला, मग धाप. शेतात भाताची रोपं लावायला, आवणीला गेली, दिवसभर पावसात वाकली, की बरी. घरी आली की पुन्हा सुरू. तिचा नवरा चिडवायचा, "कामाला ठणठणीत आन् घरात म्हातारी, उलटंच हाय हिचं." आम्ही सगळे हसायचो. उलटं का आहे, हे विचारायचं एकाच्याही डोक्यात आलं नाही. दिवाळीला माहेरी गेली ती गुटगुटीत होऊन परतली. सासूबाईंनी निकाल दिला, "देशावरची हाय, आपला पाऊस अंगी लागायचा हाय तिच्या. लागंल."

त्याच हिवाळ्यात तिला दिवस गेले. पहिलं बाळंतपण माहेरी असतं, पण तिची आई त्या शिमग्यात वारली. माहेरी बाईमाणूस राहिलं नाही. तरी ती जायचं म्हणत होती. "आक्का, तुमी सांगा की आत्याबाईंस्नी. तितं माझी छाती मोकळी ऱ्हाती. चुलती करंल माझं." मी सांगितलं नाही. खोटं कशाला बोलू? मला ती जवळ हवी होती. माझी कूस अजून उजवली नव्हती, घरात येणारं पहिलं लेकरू माझ्या मांडीवर यावं असं मला वाटत होतं. मी तिला म्हटलं, "मी हाय की. मी काय मेलीय का?"

श्रावणात मुलगी झाली. बाळंतिणीला मागची खोली दिली. घराची मागची बाजू डोंगराकडची, मधल्या हातभर बोळात पाणी साचून भिंतीत झिरपायचं. बाजेमागची भिंत काळी पडली होती, ठिपक्या-ठिपक्यांनी, आणि वर मऊ लव आली होती. बाजेवर ऊब म्हणून पेंढा पसरला, वर गोधडी. बाळंतिणीला वारा लागू द्यायचा नाही, वारा शिरला की सन्निपात होतो, बाई हातची जाते, हे आमच्याकडे लहान पोरीलाही ठाऊक. म्हणून फटी बुजवायचं काम आलं माझ्याकडे. मी मन लावून बुजवल्या हो! चिंध्या कोंबल्या, शेणाने लिंपल्या, दाराला कांबळं टांगलं. दिवा लावल्याशिवाय आत बाळाचं तोंड दिसायचं नाही. सासूबाईंनी भिंतीवरून हात फिरवला आणि म्हणाल्या, "झ्याक केलंस." मला कोण आनंद झाला.

पाचवी पुजेपर्यंत तिला बसल्याशिवाय श्वास घेता येईना. पडली की शीळ वाजायची छातीत. आम्ही ओव्याची धुरी दिली, ती आणखी गुदमरली. अडुळशाचा काढा दिला, उलटला. गोधडीला बुरा दिसला म्हणून मी ती तिथंच, तिच्या पुढ्यात, काठीने झोडपली. खोलीभर भुगा उडाला. ती खोकता खोकता निळी पडली आणि मी तिची पाठ चोळत बसले.

पुढं कैक वर्षांनी मी पुण्यात एका दवाखान्यात आया म्हणून लागले. तिथले डॉक्टर दम्याच्या बाईची खाट खिडकीशी ओढायचे आणि नातेवाइकांवर ओरडायचे, "घरात ओल आहे का? बुरशी आहे? तिचीच भुकटी हिच्या श्वासात जाते आहे, उघडा दारं!" पहिल्यांदा ऐकलं तेव्हा माझ्या हातातली बादली खाली पडली. शिव्या खाल्ल्या मी आणि फरशी पुसायला बसले.

बाळंतपणाच्या सातव्या दिवशी सकाळी बाजेमागच्या भिंतीचा एक टवका धप्पकन बाहेर पडला. ताटाएवढं भोक. गार वारा आत घुसला, पावसाचे तुषार आले. मी घाबरून धावले, तर ही भोकाकडे तोंड करून बसलेली. न्याहारीच्या वेळेपर्यंत तिची शीळ उतरली. अर्धी भाकरी दुधात कुस्करून खाल्ली. लेकीला पाजलं. मला म्हणाली, "आक्का, ऱ्हाऊ द्या की तेवढं भोक. लई बरं वाटतंया."

माझ्या डोळ्यांनी बघितलं मी. तिच्या ओठांचा रंग परत आलेला बघितला. आणि तरी सासूबाई "बघतीस काय, बुजव आदी! वारं शिरलं म्हंजी?" म्हणाल्या तेव्हा मी उठले. ती हात जोडत होती. मी म्हटलं, "गप बस. तुला काय कळतंय? लेकराची आई झालीस आता." माळ्यावरचा तळचा पेंढा ओढला, तो काळा आणि भुसभुशीत झालेला. तो चिखलात तुडवला आणि त्यानेच ते भोक बंद केलं. आधीपेक्षा जाड.

नवव्या दिवशी दुपारी ती गेली. घरातले सगळे शेतावर तण बेणायला गेले होते. मी बाळाला घेऊन चुलीशी होते. खोलीतली शीळ थांबली तेव्हा मला वाटलं, लागला बाई डोळा एकदाचा. बरं वाटलं मला.

मग तिला अंघोळ घालताना मी तिचा उजवा हात धरला. नखांत माती भरली होती, दोन नखं मोडलेली. मी दिवा घेऊन बाजेमागे गेले. माझ्या लिंपणावर ओरखडे होते, आणि मधोमध तिने बोटभर भोक पाडलं होतं. त्यातून उजेड येत होता.

तिला नेली. सासूबाई रडून रडून खोलीच्या दारात बसल्या होत्या. जन्माचे बारा दिवस होईतो बाळाची निजायची जागा हलवायची नाही, म्हणून लेकरू त्याच बाजेवर होतं. त्यांचं लक्ष भिंतीकडे गेलं. "पोरीला वारं लागंल गं," म्हणाल्या.

मी शेण कालवून आणलं आणि ते भोक बुजवलं.